खाड्यांवर पूल होण्याआधी कोकणच्या बोली काठाकाठाने नोंदवा

संपादक महोदय,

स. न. वि. वि.

मराठीला ३ ऑक्टोबर २०२४ रोजी अभिजात भाषेचा दर्जा जाहीर झाला, तेव्हापासून बोलींवर बरेच छापून येत आहे. त्याचे स्वागतच आहे. मात्र लेखासोबत कोकणचा नकाशा दिला, की तो बहुधा जिल्हावार रंगवलेला असतो. रायगड म्हणजे आगरी, रत्नागिरी म्हणजे संगमेश्वरी, सिंधुदुर्ग म्हणजे मालवणी. सिंधुदुर्ग जिल्हा १ मे १९८१ रोजी रत्नागिरीतून वेगळा निघाला आणि पालघर १ ऑगस्ट २०१४ रोजी ठाण्यातून. त्या दिवशी कोणाच्या तोंडची बोली बदलली नाही. कोकणात एखादी बोली कुठवर पोचते हे खाडी, घाट, सडा (जांभ्या दगडाचे पठार) आणि भरतीचे पाणी यांनी ठरवलेले आहे. नकाशा काढायचा तर तो त्यांच्यावरूनच काढावा लागेल. रेवस ते रेडी या सागरी महामार्गासाठी खाड्यांच्या मुखांशी पूल होऊ घातले असताना हे काम आणखी लांबणीवर टाकता येणार नाही, म्हणून जरा सविस्तर लिहीत आहोत.

महाराष्ट्राचा किनारा सुमारे ७२० किलोमीटर लांब. समुद्र आणि सह्याद्री यांच्यामधली पट्टी बहुतेक ठिकाणी ४० ते ७५ किलोमीटर रुंद. अशा लांबट पट्टीत माणसे उत्तर-दक्षिण हिंडत असतील आणि भाषाही तशीच पसरली असेल, असे नकाशाकडे पाहून वाटते. पण सह्याद्रीतून निघणाऱ्या नद्या ही पट्टी आडवी चिरत जातात. वैतरणा, अंबा, कुंडलिका, सावित्री, वाशिष्ठी, शास्त्री, काजळी, मुचकुंदी, वाघोटन, गड, कर्ली, तेरेखोल ही त्यांतली मोठी नावे. दोन नद्यांच्या मध्ये जांभ्याचा सडा असतो. पावसाचे पाणी जांभ्यातून झिरपून जाते, दिवाळीनंतर सडा कोरडा पडतो, म्हणून वस्ती सड्यावर नसते. ती उतारावर, व्हाळाच्या म्हणजे ओढ्याच्या काठी आणि खाडीलगतच्या मळ्यांत असते. परिणामी एका खोऱ्यातल्या माणसाचा शेजारच्या खोऱ्याशी संबंध कमी आणि आपल्याच खोऱ्यात वरखाली जाणे-येणे जास्त. खलाटी म्हणजे समुद्रालगतची पट्टी आणि वलाटी म्हणजे सह्याद्रीकडची, अशी कोकणची जुनी वाटणी आहे. खलाटीचा माल वलाटीत आणि वलाटीचा खलाटीत जायचा तो नदीकाठाने.

या वाहतुकीचे इंजिन म्हणजे भरती. दिवसातून दोनदा सुमारे सहा-सहा तास पाणी चढते, रोज पन्नासेक मिनिटे उशिरा. दाभोळच्या मुखातून चिपळूणचे गोवळकोट बंदर सुमारे ४० किलोमीटर आत आहे. भरती लागताना मुखातून शिरलेला मचवा (शिडाची होडी) दुपारी समुद्रावरून येणाऱ्या खाऱ्या वाऱ्यावर शीड धरून एक-दोन भरत्यांत वर पोचायचा आणि रात्रीच्या मतलईवर, म्हणजे जमिनीवरून वाहणाऱ्या वाऱ्यावर, ओहोटीबरोबर खाली यायचा. जड माल अमावास्या-पौर्णिमेच्या उधाणावर जायचा. अष्टमीच्या भांगाला पाणी कमी चढते, तेव्हा भरलेली गलबते थांबून राहायची. जिथे भरतीचे पाणी संपते तिथे बंदर, आणि बंदराच्या डोक्यावर घाट, अशी जोडी जवळजवळ प्रत्येक मोठ्या नदीला आहे. महाडवर वरंधा, चिपळूणवर कुंभार्ली, संगमेश्वरवर आंबा, राजापूरवर अणुस्कुरा, खारेपाटणवर फोंडा आणि भुईबावडा. खारेपाटणचे महत्त्व तर शके ९३० म्हणजे इसवी सन १००८ च्या शिलाहार ताम्रपटापासून नोंदलेले आहे. खालून मीठ, नारळ, सुकी मासळी चढायची. वरून गूळ, तंबाखू, मिरची, कडधान्ये उतरायची. बैल आणि मचवे बंदरावर भेटत, माणसे तिथे मुक्काम करत, आणि जे बोलणे सगळ्यांना चालते ते तिथेच तयार होई. संगमेश्वरी, बाणकोटी, कुडाळी, मालवणी ही बोलींची नावे बंदरांची आणि बाजारांची आहेत, याचे कारण हे.

घाट म्हणजे बंद दार असेही समजू नये. नाणेघाटातले सातवाहनांचे प्राकृत लेख सांगतात, की सोपारा-कल्याणहून जुन्नरला जाणारी वाट दोन हजार वर्षांपूर्वीपासून चालू होती. भाषा त्या वाटेने वर-खाली झाली. घाटामुळे शेतीचे शब्द मात्र अडले. कोकणात पाऊस वर्षाला अडीच ते साडेतीन हजार मिलिमीटर, तर सह्याद्रीचा माथा ओलांडून पन्नासेक किलोमीटर पूर्वेला गेले की तो सहाशे-सातशेवर येतो. खाली भात, वर ज्वारी-बाजरी. त्यामुळे राब, दाढ, आवण, तरवा, वायंगण या भातशेतीच्या शब्दांना देशावर कामच नाही. उलट खुद्द कोकणात हे शब्द सीमा दाखवतात: भाताच्या रोपाला उत्तरेकडे आवण म्हणतात आणि दक्षिणेकडे तरवा. हा बदल कोणत्या खोऱ्यात होतो ते गावोगाव जाऊन पाहिल्यावर एक खरी रेषा हाती येईल.

रेल्वेनेही भूगोलाप्रमाणेच वाट धरली. बोरघाटातून गाडी १८६३ साली वर गेली, थळघाटातून १८६५ साली. रोह्याच्या दक्षिणेकडचा कोकण रेल्वेचा पूर्ण मार्ग सुरू व्हायला २६ जानेवारी १९९८ उजाडले. कल्याण-पनवेलकडची बोली देशावरच्या आणि मुंबईच्या मराठीत लवकर मिसळली आणि दक्षिणेत जुनी रूपे टिकली, यामागे या १३५ वर्षांच्या अंतराचा मोठा हात आहे.

आता समुद्राकडे. खाडी तोडते तिथे समुद्र जोडतो, पण तोही वर्षातले आठ-नऊ महिनेच. ज्येष्ठात दर्या खवळला की शिडाची जहाजे वर ओढली जात आणि नारळी पौर्णिमेनंतर पुन्हा पाण्यात पडत. (आताची मासेमारीबंदी १ जून ते ३१ जुलै, म्हणजे ६१ दिवसांची आहे.) किनाऱ्याने फिरणाऱ्या कोळी, खारवी, गाबीत, दालदी या समाजांची बोली म्हणूनच आतल्या शेतकऱ्यांच्या बोलीपेक्षा वेगळ्या नकाशावर पसरलेली आहे. एकाच गावात बंदरावरची वाडी एक बोलते आणि सड्याच्या कडेची वाडी दुसरे, हे कोकणातल्या कोणालाही सांगायला नको. नकाशा काढणाऱ्यांच्या मात्र ते लक्षात राहत नाही.

समुद्रही सगळीकडे सारखा नाही, आणि इथे भूगोल शब्दांपर्यंत कसा पोचतो ते अगदी जवळून दिसते. मुंबईपाशी उधाणाची भरती साडेचार मीटरपर्यंत चढते; दक्षिणेकडे ती कमी होत जाऊन गोव्याजवळ दोन मीटरच्या आसपास येते. उत्तरेकडे समुद्राचा तळ लांबवर उथळ आहे आणि भरती-ओहोटीच्या पाण्याला जबर ओढ असते. त्या ओढीवर डोल जाळे चालते: खुंट्यांना बांधलेले पिशवीसारखे जाळे पाण्याच्या ओढीने आपोआप उघडते आणि बोंबील, जवळा त्यात शिरतात. पालघर, वसई, उरण, अलिबागच्या कोळ्यांची सगळी धंद्याची भाषा या डोल जाळ्याभोवती आहे. सिंधुदुर्गात पाण्याची ओढ तेवढी नाही, पुळणी (वाळूचे किनारे) रुंद आहेत, म्हणून तिथे रापण: होडीतून जाळे समुद्रात अर्धवर्तुळ टाकायचे आणि दोन्ही टोके किनाऱ्यावरून माणसांनी ओढायची. त्यामुळे साधन वेगळे, कामाची वाटणी वेगळी आणि मासळीच्या वाटपाचे शब्दही वेगळे. माशांची नावेही बदलतात. उत्तरेत मुशी तर मालवणात मोरी; कोळंबी तर सुंगटा; सुरमई तर इसवण. ही नावे बाजारामुळे आता मिसळू लागली आहेत, कारण मासळी बर्फात घालून मुंबईला जाते आणि व्यापारी मुंबईचे नाव सांगतो. जुनी नावे विचारायची तर ती लिलावाच्या जागी विचारून मिळत नाहीत, घरी जाऊन जाळी शिवणाऱ्या वयस्कर माणसाला विचारावी लागतात.

उत्तर टोकाला परिस्थिती उलट आहे. डहाणू-तलासरीपासून पुढे ना मोठा घाट, ना रुंद खाडी. वारली बोली पालघर जिल्ह्यातून दादरा-नगरहवेली आणि वलसाडकडे सलग जाते. राज्ये वेगळी झाली तेव्हा १९६० साली उंबरगाव तालुक्यातली गावे गुजरातेत गेली, पण त्या गावांतली बोली काही एका रात्रीत गुजराती झाली नाही. वसईची सामवेदी आणि वाडवळी यांत गुजरातीशी जुळणारी वळणे सापडतात ती याच सपाट मोकळ्या जमिनीमुळे. अशा ठिकाणी एक रेघ ओढून ‘इथे मराठी संपली’ म्हणणे चुकीचे आहे. तिथे छटाच दाखवल्या पाहिजेत.

दक्षिण टोकाला रेघेचा मोह आणखी जास्त होतो, कारण तिथे तेरेखोलची खाडी आणि राज्याची हद्द दोन्ही आहेत. पण पेडणे पोर्तुगिजांकडे गेले ते १७८८ साली, म्हणजे तिसवाडी, बारदेश, साष्टी या जुन्या काबिजादींनंतर (पोर्तुगिजांनी आधी जिंकलेल्या मुलखांनंतर) सुमारे अडीचशे वर्षांनी. पेडण्याचे बोलणे सावंतवाडीच्या बोलण्याशी इतके जवळचे का, हे यावरून समजते. त्यातच जनगणनेत मालवणी ही कोकणीच्या शीर्षकाखाली मोजली जाते, तर साहित्यसंमेलनांत आपण ती मराठीची बोली म्हणून गौरवतो. कोकणीचा आठव्या अनुसूचीत समावेश १९९२ साली झाला. भाषा की बोली हा वाद ज्याला घालायचा त्याने घालावा. ‘कुठे’ या अर्थाचे ‘खय’ कुठून सुरू होते, ‘झालं’चे ‘झाला’ कुठे होते आणि ‘झालें’ कुठे, ‘झील’ (मुलगा) आणि ‘चेडू’ (मुलगी) कुठवर ऐकू येतात, ही माहिती वादाच्या दोन्ही बाजूंना लागणारच आहे, आणि ती आज एकत्र कुठे मिळत नाही.

समुद्रमार्गे लांब गेलेल्या बोलींची गोष्ट थोडक्यात सांगतो. गोव्यातून सोळाव्या शतकापासून कोकणी मंगळूर आणि कोचीपर्यंत गेली. कोकणातून मराठी मॉरिशसला गेली आणि कोकणी मुसलमानांची बोली केपटाऊनला. चित्पावनी बोली रत्नागिरीत जवळजवळ बंद झाली, पण कर्नाटकातल्या कार्कळ तालुक्यातल्या दुर्ग-माळा परिसरातल्या घरांत ती बोलली जाते. उगमाजवळ बोली बदलते आणि दूरच्या कोपऱ्यात टिकते, असे पुष्कळदा घडते. जगातही डोंगराळ, तुटक प्रदेशांतच भाषांची दाटी दिसते. एकट्या पापुआ न्यू गिनीत ८०० हून अधिक भाषा आहेत, तर मोकळ्या गवताळ मैदानांवर एकेक भाषा हजारो किलोमीटर पसरलेली असते.

अशा कोपऱ्याचा सर्वांत ठळक दाखला आपल्याच रायगड जिल्ह्यात आहे. कुंडलिकेच्या मुखाशी, रेवदंड्याच्या समोर दक्षिण काठावर कोर्लई. डोंगरावर पोर्तुगिजांचा किल्ला, पायथ्याला गाव. पोर्तुगिजांनी चौल-रेवदंडा १७४० साली मराठ्यांना दिले आणि ते निघून गेले. गावातल्या ख्रिस्ती समाजाची बोली मात्र राहिली. तिला ते नौ लिंग म्हणजे आमची भाषा म्हणतात. बोलणारे हजाराच्या आसपास. शब्द पोर्तुगीज, पण वाक्याची घडण मराठीकडे झुकलेली: क्रियापद शेवटी. वसई आणि मुंबईच्या ख्रिस्ती समाजातही अशाच मिश्र बोली होत्या, त्या रेल्वे आणि शहराच्या रेट्यात नाहीशा झाल्या. कोर्लईची टिकली, कारण उत्तरेला खाडी, पश्चिमेला समुद्र, डोक्यावर डोंगर, आणि समाजातच लग्ने. नुसत्या खाडीने हे झाले नसते; खाडीआड एकत्र राहणारा, एका चर्चभोवती जमणारा समाजही लागला. १९८० च्या दशकात रेवदंड्याहून खाडीवर पूल झाला. मुलांना शाळा, नोकरी, बाजार जवळ आले, जे व्हायलाच हवे होते. पण पुलाच्या आधी आणि नंतर किती घरांत आईबाप मुलांशी ही बोली बोलतात, याची नोंद त्याच वेळी सुरू झाली असती तर आज आपल्याकडे एका पुलाचा भाषेवरचा परिणाम मोजून ठेवलेला असता. जनगणनेच्या तक्त्यांत तर ही बोली दिसतच नाही, कारण देशभरात दहा हजारांपेक्षा कमी बोलणाऱ्या मातृभाषा वेगळ्या छापल्या जात नाहीत.

हीच संधी आता पुन्हा आली आहे, आणि या वेळी ती एका खाडीपुरती नाही. मुंबई-गोवा महामार्ग आणि कोकण रेल्वे या दोघांनी नद्या ओलांडल्या त्या आत, महाड-चिपळूण-राजापूरच्या बाजूला, जिथे पात्र अरुंद आहे. खाड्या गाळाने भरल्या, मचवे बंद झाले, आणि मुखाजवळची गावे मुख्य रस्त्यापासून लांब पडली. दाभोळहून समोर धोपाव्याला जायचे तर फेरीबोट, नाही तर चिपळूणपर्यंत आत जाऊन पुन्हा बाहेर. आगरदांडा-दिघी, वेश्वी-बागमांडला, जयगड-तवसाळ इथेही तेच. म्हणून जुनी रूपे सर्वांत जास्त शिल्लक आहेत ती या मुखांच्या गावांत. सागरी महामार्गाचे पूल नेमके तिथेच येणार आहेत. उरणकडे तर अटल सेतू जानेवारी २०२४ मध्ये सुरू होऊन तासाभरात मुंबई गाठता येऊ लागली, आणि पुढे करंजा-रेवस जोडले गेले की अलिबाग तालुकाही त्या ओढीत येईल. पुलांना आमचा विरोध नाही. पूल सुरू होण्याआधीची स्थिती नोंदवलेली असावी, एवढीच मागणी आहे.

नोंद कशी करावी, याबद्दल काही सूचना. ग्रियर्सन यांच्या भाषासर्वेक्षणाचा मराठीचा सातवा खंड १९०५ साली आला. त्यातले नमुने बहुतेक सरकारी अधिकाऱ्यांमार्फत मागवलेले, बायबलातल्या एकाच गोष्टीची भाषांतरे. बोलींची नावेही कुणबी, आगरी, कोळी, भंडारी अशी जातींवरून. डॉ. अ. मा. घाटगे यांनी १९६० च्या दशकात कुडाळीसारख्या बोलींचा प्रत्यक्ष जागेवर अभ्यास केला. अलीकडे डेक्कन कॉलेज आणि राज्य मराठी विकास संस्था यांनी राज्यभर केलेल्या सर्वेक्षणाचे ध्वनिनमुने इंटरनेटवर ऐकता येतात, ते जरूर ऐकावेत. आता त्याला खाडीवार जोड हवी.

प्रत्येक मोठ्या खाडीवर पाच ठिकाणे घ्यावीत: मुखाशी उत्तर काठ, मुखाशी दक्षिण काठ, भरती संपते तिथले जुने बंदर, घाटाखालचे शेवटचे गाव आणि घाटमाथ्यावरचे पहिले गाव. वैतरणा, धरमतर, कुंडलिका, राजपुरी, सावित्री, वाशिष्ठी, शास्त्री, काजळी, जैतापूर, वाघोटन, कर्ली, तेरेखोल अशा बारा खाड्या धरल्या तर साठाच्या आसपास ठिकाणे होतात. राजपुरीसारख्या आखूड खाडीला घाटाचे टोक नाही, तिथे तीन पुरेत. सावित्रीला उत्तर काठ रायगडात आणि दक्षिण काठ रत्नागिरीत येतो. जिल्हावार पथके नेमली की हे दोन काठ दोन अहवालांत जातात, दोघांची प्रश्नावली थोडी वेगळी असते, आणि मग जो फरक दिसतो तो बोलीचा की पथकांचा हे कळत नाही. एका खाडीचे दोन्ही काठ एकाच पथकाने, एकाच आठवड्यात करावेत.

प्रत्येक ठिकाणी निदान सहा माणसे: साठीच्या वरची, मधल्या वयाची आणि विशीतली, प्रत्येकी एक स्त्री, एक पुरुष. आणि वाडी नोंदवायची, नुसते गाव नाही. बंदरावरची वाडी, शेतकऱ्यांची वाडी, मुसलमान मोहल्ला असेल तर तो, कातकरीवाडी असेल तर ती, हे वेगवेगळे संच समजावेत. माणूस मुंबईत किती वर्षे होता हे विचारल्याशिवाय नोंद पूर्ण धरू नये. तीस वर्षे गिरणीत काढून परतलेला चाकरमानी गावात ज्येष्ठ असतो, बोलतोही भरपूर, आणि म्हणून पथकाला पहिला तोच सापडतो. त्याचे बोलणे मौल्यवान आहे, पण ते वेगळ्या खान्यात ठेवावे.

खाडी खरोखर सीमा आहे का हे पाहण्याचा सर्वांत भरवशाचा मार्ग म्हणजे सोयरीक. एका वाडीतली वीस घरे घ्यावीत आणि सासू, सून, नातसून या तीन पिढ्यांची माहेरे लिहावीत. नकाशावर माहेराहून सासरी बाण काढावेत. बाण खोऱ्यात वरखाली जात असतील आणि खाडी क्वचित ओलांडत असतील, तर तिथे बोलीचा फरक सापडण्याची शक्यता जास्त. नातसुनेच्या पिढीत बाण महामार्गाच्या दिशेने वळलेले दिसतील. या तक्त्याला ध्वनिमुद्रण लागत नाही, एका दुपारी तो होतो, आणि तरीही तो कोणी करत नाही याचे आम्हाला फार वाईट वाटते.

प्रश्न विचारण्यात सर्वाधिक चुका होतात. ‘कुठे चाललास याला तुमच्यात काय म्हणतात?’ असे विचारले की उत्तर पुस्तकी येते किंवा विचारलेले वाक्यच किंचित फिरवून परत येते. ‘तुमची भाषा कोणती?’ याला उत्तर मराठी, आणि ते बरोबरच आहे, पण त्यातून काही कळत नाही. त्यापेक्षा वस्तू दाखवावी, मासा दाखवावा, आवाज नसलेली छोटी चित्रफीत दाखवून काय झाले ते शेजारणीला सांगायला लावावे. दोन ओळखीच्या माणसांना आपसात बोलू द्यावे आणि विचारणाऱ्याने गप्प बसावे. तपासायची रूपे आधी ठरलेली असावीत: वर्तमानकाळी ‘मी जातो, जातंय, जाताव’ यांपैकी काय, नपुंसकलिंगी भूतकाळ ‘झालं, झाला, झालें’, ‘कुठे’ की ‘खय’, आगरी-कोळी बाजूला ‘गाडी’ची ‘गारी’ आणि ‘डोळा’चा ‘डोला’ कुठवर होतो, आवण-तरवा, मुशी-मोरी, कोळंबी-सुंगटा. शंभरेक शब्द आणि तीसेक वाक्ये पुरतात. याहून लांब यादीत माणूस कंटाळतो आणि हो-नाही करू लागतो.

वेळही साधावी लागते. मच्छीमार जून-जुलैत घरी असतात, पण तेव्हा पत्र्यावर पाऊस वाजतो आणि मुद्रण वाया जाते. कौलारू घर किंवा देवळाचा बंद सभामंडप शोधावा, पंखा बंद करावा, माइक तोंडापासून वीतभर धरावा. शेतकरी जून-जुलैत लावणीत आणि दसऱ्यानंतर कापणीत असतो. देवगड-रत्नागिरीकडे मार्च ते मे हापूसची घाई. म्हणून शेतकरी वाड्या डिसेंबर-जानेवारीत कराव्यात. गणपतीत आणि शिमग्यात अर्धे गाव मुंबईचे असते, त्या दिवसांत मिसळलेले बोलणेच नोंदवायचे असेल तर जावे. मुद्रण मोबाइलच्या मेसेजमधल्या दाबलेल्या फायलीत करू नये. ४४.१ किलोहर्ट्झ, १६ बिटची मोनो वेव्ह फाइल ठेवावी. एका तासाला सुमारे ३२० एमबी लागते. साठ ठिकाणी सहा-सहा माणसांचा तासभर धरला तरी सगळा संग्रह १२० जीबीच्या आत बसतो, म्हणजे एका साध्या हार्ड डिस्कवर. खर्चाचे कारण पुढे करण्यासारखे यात काही नाही. माणसाची संमती मुद्रणातच घ्यावी आणि नाव फायलीच्या नावात घालू नये.

नकाशा काढताना प्रत्येक रूपाची रेषा स्वतंत्र काढावी. ‘खय’ची रेषा आणि ‘तरवा’ची रेषा एकच निघेल असे नाही. जिथे पुष्कळ रेषा एकमेकींच्या जवळून जातात ती खरी सीमा, आणि जिथे त्या पंख्यासारख्या फाकतात तो संक्रमणाचा पट्टा. पहिल्या दोन-तीन खाड्या झाल्यावरच यादीतले निरुपयोगी शब्द काढून टाकावेत. सगळीकडे सारखा असणारा शब्द विचारण्यात वेळ जातो.

मुंबई विद्यापीठाचे रत्नागिरी उपकेंद्र आणि अलिबागपासून सावंतवाडीपर्यंतची महाविद्यालये यांनी एकेक खाडी वाटून घेतली तर हे काम दोन हिवाळ्यांत होईल. मराठी आणि भूगोल या दोन्ही विभागांचे विद्यार्थी एका पथकात असावेत, कारण भरती कुठवर पोचते आणि जुनी तर (काठ ओलांडणारी होडी) कुठून सुटायची हे भूगोलवाल्यांना काढता येते. क्रम पुलांप्रमाणे लावावा: आधी धरमतर, म्हणजे करंजा आणि रेवस, मग सावित्री, म्हणजे बाणकोट आणि बागमांडला, मग दाभोळ-धोपावे आणि जयगड-तवसाळ. कोर्लईत पूल आधीच झालेला असल्याने तिथे तीन पिढ्यांची तुलना लगेच करता येईल. मुद्रणाची एक प्रत महाविद्यालयात, एक राज्य मराठी विकास संस्थेकडे आणि एक त्या त्या गावच्या वाचनालयात ठेवावी. आपल्या वर्तमानपत्राने पुढच्या वेळी कोकणच्या बोलींचा नकाशा छापताना जिल्ह्यांचे रंग काढून त्यावर नद्या, घाट आणि फेरीबोटीचे मार्ग दाखवावेत, ही विनंती.

आपले,
कोकणातील बोलींचे काही अभ्यासक व शिक्षक,
चिपळूण